कुत्र्यांची स्वयंपाकीण

७ एप्रिल

आजच्या विमानाने दक्षिणेकडच्या संग्रहालयाचं जाड पाकीट आलं. म्हाताऱ्यांच्या मंडळाची पत्रं मीच उघडते. चष्मा लावून इंग्रजी वाचणारी आमच्यात मी एकटी, म्हणून ते काम माझ्याकडे आलं आणि मला त्याचा अभिमानही आहे. होता.

पुढच्या थंडीत ते उत्तरेकडच्या आमच्या बर्फाळ किनाऱ्यावरच्या लोकांच्या वस्तूंचं प्रदर्शन भरवणार आहेत. सहा वस्तू कुणी केल्या ते त्यांना ठाऊक नाही. २२ तारखेला वस्तूच घेऊन येतो म्हणतात, तोवर हे फोटो लोकांना दाखवा.

चौथा फोटो पाहिला आणि चहा खाली ठेवला.

अमाउतीच्या छातीवरचा मण्यांचा पट्टा. पाठीवर मूल घेऊन फिरायच्या त्या कोटावर आमच्या बायका असा पट्टा शिवतात, कोट झिजला की उसवून नव्यावर लावतात. लाल, पांढरे, निळे, पिवळे मणी. खाली हरणाच्या दातांची झालर आणि दोन टोकांना चमच्यांच्या वाट्या, दांडे कापलेले. फोटोखाली लिहिलंय: कर्ती अज्ञात. एका शिक्षकाच्या कुटुंबाकडून भेट.

कर्ती अज्ञात नाही. माझ्या सासूबाईंनी पाच हिवाळे बसून शिवलाय तो.

पाच फोटो मंडळाच्या फळ्यावर लावले. चौथा माझ्या पिशवीत आहे. सीलच्या कातड्याची ही पिशवी सासूबाईंनीच मला पुस्तकं ठेवायला करून दिली होती. झाकणावर सात हिरवे मणी आहेत. बावन्न वर्षांत एकही सुटलेला नाही.

माझा नवरा आंगालिक असता तर त्याने जेवताना विचारलं असतं, आज टपालात काय होतं? तो जाऊन तीन वर्षं झाली. त्याचे बूट अजून दाराशीच आहेत. आज पहिल्यांदा वाटलं, बरं झालं तो विचारायला नाही. असं वाटलं हे लिहून ठेवते, म्हणजे नंतर नाकारता येणार नाही.

९ एप्रिल

शाळा सुटल्यावर सासूबाई आल्या. वय वर्षं आठ.

जुन्या सासूबाई गेल्या, पुढच्या वर्षी ही जन्मली आणि त्यांचंच नाव हिला दिलं, उलुरियाक. नाव दिलं की माणूस परत येतं. म्हणून मी हिला सासूबाई म्हणते, ही मला सूनबाई म्हणते, आणि हिची सख्खी आजी तिकिराक, म्हणजे माझी धाकटी नणंद, नातीला 'आई' म्हणते.

"सूनबाई, बिस्किटं संपली का?"

"सासूबाई, कालच तर तुम्ही संपवलीत."

"मग आणायची नाहीत? घरात म्हातारं माणूस येतं, कळत नाही का तुला?"

मी हसले. तेवढ्यात तिकिराक तिला न्यायला आली. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, दाराच्या चौकटीवर हात ठेवून आत येते. ओले हातमोजे माझ्यापुढे धरून म्हणाली, "वहिनी, तूच टांग बाई शेगडीवर. मी टांगले तर कुत्री खातील."

"आता गावात कुत्री राहिलीत कुठे?"

"माझा वास लागला की दुसऱ्या गावातून येतील."

आणि स्वतःच मोठ्याने हसली. गावात तिला 'कुत्र्यांची स्वयंपाकीण' म्हणतात. दुकानातली पोरं म्हणतात, तिचा नवरा म्हणायचा, आंगालिकसुद्धा म्हणायचा. ती सगळ्यांच्या आधी हसते. पण या बावन्न वर्षांत तिने दुसऱ्याचा कपडा एकदाही वाळत घातलेला नाही.

फोटोबद्दल तिला बोलले नाही.

१४ एप्रिल

चार दिवस वही उघडली नाही. आज ते लिहून काढायचं ठरवलं. या वह्या माझ्यानंतर कुणी वाचेल म्हणून मी या गोष्टीपुरती जागा नेहमी सोडून देत आले.

मी अठरा वर्षांची होते. वसाहतीजवळ तंबू ठोकून आम्ही नुकतेच राहायला लागलो होतो. शाळा उघडली होती, पण माझं लग्न झालेलं, मला कोण शाळेत घेणार? पाणी भरून येताना मी खिडकीबाहेर उभी राहायचे. मुलं एका आवाजात शब्द म्हणायची, मीही ओठ हलवायचे. शाळेचा मास्तर दक्षिणेकडचा. त्याने सासूबाईंकडे दोनदा तो पट्टा मागितला होता. त्या नाही म्हणाल्या. तिसऱ्यांदा मागितला तेव्हा ऐकूच आलं नाही असं दाखवून मासा कापत बसल्या.

त्या वसंतात कातड्याची अमाउती झिजली, तेव्हा पट्टा उसवून ठेव असं त्यांनी मला सांगितलं. मी उसवला. घडी करून माझ्या अंगातल्या कोटाच्या आत घातला आणि पाणी आणायला गेले. मास्तर शाळेच्या दारात होता. पुस्तकं खोक्यात भरत होता. उन्हाळ्यात त्याला परत जायचं होतं. दाखवण्यापुरता मी पट्टा बाहेर काढला.

पट्टा त्याच्याकडे राहिला, मी खोकं घेऊन आले. खोकं घरच्यांना दिसलं तेव्हा सांगितलं, मास्तर जाताना टाकून देत होता.

सासूबाईंना काय सांगायचं ते ठरवलेलं नव्हतं. खरंच नव्हतं. दुसऱ्या दिवशी चौदा वर्षांच्या तिकिराकने अमाउती हवेला घातली, खालच्या दगडांवर, कारण वरच्या दोरीला तिचा हात पोचत नव्हता. कुत्री सुटली. संध्याकाळी कोटाची एक बाही उरली होती.

सासूबाईंनी माझ्याकडे बघून विचारलं, "पट्टा उसवला होतास ना?"

मी म्हटलं, "नाही. अजून कोटावरच होता."

एवढंच बोलले. पुढचं सगळं आपोआप झालं.

मणी पोटात विरघळत नाहीत. म्हणून सासूबाई तीन दिवस वितळलेल्या बर्फाच्या पाण्यात परात घेऊन बसल्या, कुत्र्यांची शी धूत. तिकिराक शेजारी बसून रडत रडत काड्यांनी चाळत होती. काही सापडेना. तिसऱ्या दिवशी सकाळी मी माझ्या आईने दिलेल्या डबीतले मूठभर मणी कुत्र्यांच्या जागेत टाकून आले. माझ्या डबीत हिरवेच होते. सासूबाईंना सात सापडले. ते हातात घेऊन त्या बराच वेळ बसल्या आणि मग परात पालथी घालून आत गेल्या. "पुरे झालं," म्हणाल्या.

आंगालिकने त्याची म्होरकी कुत्री, सिकू, गोळी घालून मारली. एकदा कातड्याची चटक लागलेलं जनावर ठेवत नाहीत. तीन वर्षांपूर्वी आजारात मी त्याला भरवत होते, तेव्हा एकदम म्हणाला, "सिकू तशी नव्हती गं. तिने कधी कपड्याला तोंड लावलं नव्हतं." मी चमचा तसाच धरून ठेवला होता. तेव्हाही बोलले नाही.

खोक्यात एक शब्दकोश होता, गुलाबांची छाटणी कशी करावी यावर एक पुस्तक, गायींच्या रोगांवर एक, आणि बाकीची गोष्टींची. गुलाबांच्या पुस्तकावर मी इंग्रजी शिकले. इथे झाड उगवत नाही, पण कुठली फांदी कुठून कापायची ते मला अजून पाठ आहे.

त्या थंडीच्या तोंडावर सासूबाईंनी पुस्तकांसाठी ही पिशवी शिवून दिली. मला वाटलं, मी वाचते हे त्यांना आवडलं. इतका आनंद मला आधी कशाचाच झाला नव्हता.

२२ एप्रिल

सकाळी सभागृहात सगळे जमले. संग्रहालयाकडून निवी नावाची मुलगी आली आहे, आपल्यातलीच, दुसऱ्या किनाऱ्यावरची. लांब टेबलावर पांढरं कापड घालून तिने वस्तू मांडल्या. मला वाटलं होतं पांढरे मोजे घालून लांबूनच दाखवतील. पण ती म्हणाली, "आजीबाई, हात लावा. तुमच्याच आहेत."

मी तिकिराकला मुद्दामच बोलावलं नव्हतं. तिला डोळ्यांनी दिसत नाही, तिला कशाला त्रास, असं स्वतःला समजावलं होतं. तिला सासूबाई घेऊन आल्या, हात धरून. शाळेला सुट्टी होती.

"काय गं, स्वयंपाकीण पण आली!" म्हातारा कुकसुक ओरडला. "कातडी वस्तू उचलून ठेवा रे!"

"तुझ्याच पँटवर डोळा आहे माझा," तिकिराक म्हणाली. सगळे हसले.

ती टेबलाच्या कडेने चाचपत निघाली. सुऱ्या, बर्फावरच्या उन्हात घालायचा हाडाचा चष्मा, दिवा. मग पट्टा. बोटं दातांच्या झालरीवरून गेली, चमच्याच्या वाटीवर थांबली, पुन्हा मागे आली. ती हसत होती ते थांबलं.

"हे आईचं आहे," ती म्हणाली.

निवीने टिपणवही पुढे ओढली.

"आईचं आहे. ही वाटी मी दगडावर घासली होती, कड बोचत होती म्हणून. इथे बघा." मग तिने मान वर केली, कुणाच्याच दिशेने नाही. "मग माझ्या कुत्र्यांनी काय खाल्लं?"

निवीने माझ्याकडे बघितलं. मी मोठी सून, मंडळाची वाचणारी. सगळ्यांनीच माझ्याकडे बघितलं.

मी म्हटलं, "दोन असतील. सासूबाईंनी दोन केले असतील."

"दोन होते?" तिकिराकने विचारलं.

"असतील."

"असतील," ती म्हणाली. थोड्या वेळाने पुन्हा म्हणाली, "वहिनीला माहीत असणार. मी लहान होते."

पुन्हा केलं मी. तेव्हा अठराची होते असं तरी म्हणता येत होतं. आज सत्तरची आहे.

२३ एप्रिल

वादळ. विमान नाही. निवी अडकून पडली आहे, दुपारी चहाला आली. भिंतभर पुस्तकं बघून म्हणाली, "एवढी? इथे? कशी जमवलीत?"

"एकेक करून," मी म्हटलं.

तिने टिपण वाचून दाखवलं. पट्टे दोन, एक कुत्र्यांनी खाल्ला, दुसरा शिक्षकाकडे कसा पोचला ते माहीत नाही. "बरोबर ना आजी? तुम्ही सांगाल तेच पाटीवर जाईल. पूर्वी आमच्या वस्तूंबद्दल मास्तर आणि पाद्री सांगायचे तेच लिहायचे. आता घरच्यांचा शब्द शेवटचा. तुमचा शब्द कोण तपासणार?"

मी तिच्या कपात आणखी चहा ओतला. भरलेलाच होता.

२५ एप्रिल

वादळ थांबलं. निवीचं विमान तीन वाजता होतं.

बारा वाजता मी गावच्या रेडिओवर गेले. दुपारी तासभर तिथे कुणीही जाऊन बोलावं अशी पद्धत आहे. वाढदिवस, हरवलेल्या वस्तू, कुणी कुणाला दुखावलं असेल तर माफी. माझ्या आधी जोनासीची बायको बोलली, रेडिओ तीच चालवते. तिचा एका हाताचा कोल्ह्याच्या कातड्याचा मोजा हरवला आहे. मग मी बसले.

मी म्हटलं, पट्टा एकच होता. उलुरियाकने शिवला होता. कुत्र्यांनी तो खाल्ला नाही, मी मास्तरला दिला, पुस्तकांच्या खोक्यासाठी. तिकिराकच्या हातून फक्त जुना कोट गेला. आंगालिकने सिकूला मारलं त्यात माझा वाटा आहे. तीन दिवसांपूर्वी सभागृहातही मी खोटं बोलले.

हिरव्या मण्यांचं सांगितलं नाही. जिभेवर आलं होतं. सासूबाई पाण्यात परात घेऊन बसलेल्या, ते सांगवलं नाही.

जोनासीच्या बायकोने मध्येच गाणं लावलं. बहुतेक तिला काय करावं कळेना.

निवी विमानतळाच्या ट्रककडे जाताना दारात आली. रागावली नव्हती, ते जास्त अवघड गेलं. म्हणाली, "पाटीवर नाव जाईल, आजी. उलुरियाक." मी विचारलं, माझं? ती म्हणाली, "तुमचं कुठे घालू ते तुम्हीच सांगा." 

तिकिराक सकाळीच मुलाबरोबर तळ्यावर मासे धरायला गेली होती, हे मला नंतर कळलं.

२६ एप्रिल

ती आली नाही.

२७ एप्रिल

नाही. तिच्या घरचा धूर दिसतो.

२९ एप्रिल

आली. दार उघडून आत आली, कोट काढला नाही, बसली नाही.

"गावाला सांगितलंस," ती म्हणाली. "मला नाही."

"तुझ्या तोंडावर सांगायचं धाडस झालं नाही."

"मी दुकानात चहापत्ती घ्यायला गेले. सगळे गप्प. त्या दुकानात माझ्याबद्दल कुणी काही बोललं नाही असं कधी झालंय? मला वाटलं, मुलाला काही झालं.  मग कुकसुक म्हातारा म्हणतो, स्वयंपाकीण, तुझी नोकरी गेली."

मी तिच्याकडे खुर्ची सरकवली.

"हसू आलं मला. सवयीने. आणि मग कळलं कशाला हसतेय." ती भिंतीला टेकली. "तीन मुली झाल्या मला. एकीलाही मी अमाउती शिवली नाही. शेजारणींकडून मागून आणल्या. माझ्या हातात कपडा टिकत नाही असं वाटायचं. नातीलासुद्धा मी माझ्या हाताने केलेल्या कोटात घेतलं नाही कधी. तुला माहीत होतं ना हे? तू बघत होतीस ना?"

"बघत होते."

"काय होतं गं त्या खोक्यात?"

मी सांगितलं. शब्दकोश, गोष्टी, गायी, गुलाब.

"गुलाब म्हणजे काय?"

"फूल. मोठं असतं. काटे असतात."

"तू पाहिलंस?"

"चित्रात."

तिच्या तोंडून हसण्यासारखा काहीतरी आवाज आला. "चित्रातल्या फुलासाठी," ती म्हणाली. मग जायला वळली आणि दाराची कडी चाचपत म्हणाली, "एक बरं आहे. आईला कळलं नाही. तिला कळलं असतं तर तिने गावाला माझ्यावर असं हसू दिलं नसतं. मला सांगितलं असतं, पोरी, तुझं काही नाही. तेवढ्या एका गोष्टीवर मी चार दिवस झोपले."

"नाही कळलं त्यांना," मी म्हटलं.

हे खरं असावं असं मला वाटलं, म्हणून बोलले.

३ मे

आज हंसांची पहिली रांग गेली. आंगालिक असता तर बंदूक पुसत बसला असता.

दुपारी सासूबाई आल्या. आल्या आल्या म्हणाल्या, "रेडिओवर माझं नाव घेतलंस."

"हो सासूबाई. तुमची वस्तू मी न विचारता दिली. मला माफ करा."

त्यांनी बिस्किट चहात बुडवलं. "परत कधी मिळणार मला?"

"निवीला पत्र लिहिलंय. प्रदर्शन झाल्यावर त्या लोकांशी बोलणार आहे ती."

"फोटो तरी दाखव."

पिशवीतून चौथा फोटो काढून दिला. त्यांनी पिशवीही ओढून मांडीवर घेतली आणि झाकणावरचे मणी मोजायला लागल्या. पुन्हा फोटो बघितला. पुन्हा मणी.

"यात हिरवा कुठे आहे?"

"नाही. तुमच्याकडे हिरवे नव्हतेच. व्यापाऱ्याकडे तेव्हा मिळायचे नाहीत."

"पण आजी सांगते, मला कुत्र्यांच्या शीमध्ये सात मणी सापडले."

"सापडले होते."

"कुठले रंग?"

 आठ वर्षांच्या पोरीसमोर माझ्या कानशिलांत धग आली. शेवटी म्हटलं, "ते मी टाकले होते. माझ्या डबीतले."

तिने एकेका मण्यावर बोट ठेवलं. "आणि ही पिशवी कुणी शिवली?"

"तुम्ही."

"त्याच्यानंतर?"

"त्याच वर्षी."

"मग मला माहीत होतं," ती म्हणाली. बिस्किट संपवलं. "माझे मणी मला ओळखू येणार नाहीत का? मी तुझे तुला परत दिले."

बावन्न वर्षं ही पिशवी माझ्या खांद्यावर आहे. मी तिच्यात पुस्तकं ठेवली, चष्मा ठेवला, आंगालिकच्या औषधांच्या चिठ्ठ्या ठेवल्या. बायका विचारायच्या, कुणी दिली गं? मी सांगायचे, सासूबाईंनी, कौतुकाने.

त्यांना परात पालथी घालताना कळलं होतं. मुलाचं घर मोडू नये म्हणून असेल, मी परक्याची पोर होते म्हणून असेल. आणि स्वतःच्या पोरीवर त्यांनी गावाला हसू दिलं.

मला तिकिराकचं दारातलं बोलणं आठवलं. मी घाईने म्हटलं, "सासूबाई, हे तिकिराकला सांगू नका. हिरव्या मण्यांचं. कृपा करा."

"का?"

"तिला वाईट वाटेल."

"कुणाचं? तुझं की माझं?"

"तुमचं."

तिने विचार केला. मग कोट घातला, टोपी ओढली, पिशवीतली पुस्तकं एकेक करून नीट माझ्या टेबलावर रचली आणि रिकामी पिशवी काखेत मारली.

"ती माझी मुलगी आहे," ती म्हणाली. "तिला मीच सांगायला पाहिजे. मी तेव्हाच सांगायला पाहिजे होतं."

मी खिडकीशी गेले. लाल कोट बर्फाच्या ढिगावरून घसरत, पुन्हा उठत, तिकिराकच्या घराकडे चालला होता. दाराशी तिने पाय आपटून बर्फ झाडला आणि आत गेली. दार लागलं. अजून उघडलेलं नाही. मी इथेच बसून हे लिहिते आहे, मध्ये मध्ये मान वर करून बघते.

मी तिला थांबवू शकले असते. आठ वर्षांची आहे, मी हाताला धरलं असतं तर थांबली असती. खरं बाहेर यावं म्हणून मी थांबवलं नाही, की माझं ओझं पुन्हा एका लहान पोरीच्या पाठीवर दिलं, हे मला अजून ठरवता येत नाही.